साहेब, हायकोर्ट बांधावर येत नाही

पत्र बरंच मोठं होतं, त्यातलं ओळख पटेल असं सगळं काढून थोडक्यात देतेय.

पत्र लिहिणारे दक्षिण महाराष्ट्रातले शेतकरी, अडीच एकर ऊस. आजोबांच्या जमिनीची 1988 साली वाटणी झाली, त्यात डांबरी रोडला लागून असलेला तुकडा काकांना आणि मागचा तुकडा यांच्या वडिलांना आला. मागच्या शेतात जायला काकांच्या गटाच्या पूर्वेच्या बांधाला धरून गाडीवाट होती, "काकांनी मोठ्या मनाने दिलेली". काका वारले. मग 2025 च्या गणपतीत, 28 ऑगस्टला, चुलत भावाने जेसीबी लावून वाटेच्या तोंडाला चर मारला आणि आतून तारेचं कंपाउंड ओढलं. पोलिसांनी एनसी (अदखलपात्र तक्रारीची नोंद) घेतली आणि सिव्हिल मॅटर आहे म्हणून पाठवून दिलं. ग्रामपंचायतीने ठराव केला. ऑक्टोबरमध्ये तहसीलदारांकडे "शेतात जाण्यासाठी रस्ता मिळणेबाबत" असा अर्ज दिला, नोव्हेंबरमध्ये मंडळ अधिकारी पंचनामा करून गेले आणि तेव्हापासून नुसत्या तारखा पडतायत. ऊस तोडीला आलाय, टोळीचा मुकादम म्हणतो ट्रॉली फडाला लागली तरच कोयता लावू. मित्राने सांगितलंय की आता कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आलंय, खालच्या कोर्टात आयुष्य घालवण्यापेक्षा डायरेक्ट रिट (हायकोर्टात थेट करायचा अर्ज) टाक, मालमत्ता हा मूलभूत हक्क आहे. शेवटी प्रश्न असा: "ताई, रिट टाकू का? आणि किती दिवसांत रस्ता मिळेल?"

---

दादा, तुमचं पत्र मी दोनदा वाचलं आणि दुसऱ्यांदा वाचताना हायकोर्टाचा मुद्दा बाजूलाच राहिला, एका तारखेवर अडकले. 28 ऑगस्ट. त्यावर येतेच, पण आधी रिटचं बोलू, कारण तुम्ही विचारलंय ते आणि दर महिन्याला दोन-तीन पत्रं याच विषयाची येतात, जिल्हा फक्त वेगळा असतो.

तुमच्या मित्राच्या बोलण्यामागे जो हिशोब आहे तो बहुतेकांच्या डोक्यात असतो. कोर्ट जेवढं मोठं तेवढी त्याची पॉवर मोठी, आणि पॉवर मोठी म्हणजे काम लवकर. तलाठ्याने ऐकलं नाही तर तहसीलदार, त्यांनी ऐकलं नाही तर कलेक्टर, तसंच मग सगळ्यांना ओलांडून हायकोर्ट, जणू एकाच ऑफिसातले वरचे साहेब. पण हायकोर्ट जेव्हा रिट ऐकतं तेव्हा ते वेगळंच काम करत असतं. घटनेच्या कलम 226 खाली ते मुख्यतः हे बघतं की सरकारने, सरकारी अधिकाऱ्याने किंवा कायद्याने काही सार्वजनिक कर्तव्य ज्याच्या अंगावर टाकलंय अशाने ते कर्तव्य पाळलं का, अधिकाराबाहेर जाऊन काही केलं का, समोरच्याचं न ऐकता ऑर्डर काढली का. तुमचा चुलत भाऊ यातलं काहीच नाहीये, तो एक माणूस आहे ज्याने चर मारलाय.

सुप्रीम कोर्टाने हे 1992 ला स्पष्ट सांगितलंय की दोन खाजगी माणसांमधल्या मालमत्तेच्या भांडणासाठी रिटचा मार्ग नाही, त्यासाठी दिवाणी कोर्ट आहे. मग 2010 ला मुंबई हायकोर्टातूनच वर गेलेल्या जागेच्या एका भांडणात पुन्हा तेच, आणि तिथे कोर्टाने नाराजीही दाखवली की खाजगी भांडणं सर्रास रिट म्हणून दाखल होतायत. त्या निकालात एक फट मात्र ठेवलीय आणि ती लक्षात ठेवण्यासारखी आहे. खाजगी माणूस सरकारी अधिकाऱ्याशी संगनमत करून हे करत असेल तर गोष्ट वेगळी. पण संगनमत म्हणजे "तलाठी त्याच्या गाडीवर बसलेला दिसला" एवढ्याने भागत नाही हे पण सांगून ठेवते, कारण तुमच्या पत्राच्या तिसऱ्या पानावर तेच आहे.

आता मूलभूत हक्काचं. मालमत्तेचा हक्क मूलभूत होता, खरं आहे, पण 44 व्या घटनादुरुस्तीने तो त्या यादीतून काढला, दुरुस्ती 1978 ची आणि लागू 20 जून 1979 पासून. तेव्हापासून तो कलम 300 अ मध्ये आहे, घटनेने दिलेला हक्क आहे पण मूलभूत नाही, आणि त्याचा मजकूर पण बघा, कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता काढून घेता येणार नाही, म्हणजे त्याचा रोख मुख्यतः सरकारकडे आहे. तुमचे मित्र कदाचित तो दुसरा फॉरवर्ड दाखवतील, जानेवारी 2023 चा, की सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने बहुमताने सांगितलं की कलम 19 आणि 21 चे हक्क सरकार सोडून इतरांविरुद्धही मागता येतात. निकाल खरा आहे. पण तो मंत्र्यांच्या वक्तव्यांवरून उभ्या राहिलेल्या प्रकरणातला आहे आणि त्याचा आधार घेऊन तुम्ही पूर्वेच्या बांधावरून ट्रॉली नेण्याचा हक्क मागायला गेलात तर पहिल्याच पायरीवर विचारतील की वाट होती हे कशावरून. कुठलं कलम लावलं याने त्या प्रश्नाचं उत्तर मिळत नाही.

आणि खरी अडचण तिथेच आहे. तुमच्या भांडणात नक्की काय ठरवायचंय ते कागदावर काढून बघा. वाट खरंच होती का, असेल तर कुठून कुठपर्यंत, किती रुंद, बैलगाडीची होती का ट्रॅक्टर पण जायचा, किती वर्षं, हक्काने का परवानगीने, ओढ्याकडून दुसरा रस्ता आहे का, असेल तर तो बारमाही आहे का. यातल्या प्रत्येक प्रश्नावर तुमचा भाऊ "नाही" म्हणणार. मग साक्षीदार लागणार, त्यांची उलटतपासणी लागणार, मोजणी लागणार, कोणीतरी जाऊन बघायला लागणार. रिटमध्ये कोर्टासमोर असतात फक्त दोन्हीकडची प्रतिज्ञापत्रं. तुमचं म्हणतं वाट होती, त्याचं म्हणतं नव्हती, दोन्ही नोटरीच्या शिक्क्याची. हायकोर्टाला तथ्यं तपासायला बंदीच आहे असं नाही, पण एवढी वादातली तथ्यं असली की ते म्हणतं हे आमच्याकडे नको, योग्य ठिकाणी जा. नाही म्हणायला, ते बरोबरच आहे. तुमच्या भावाने खोटी रिट टाकून नुसत्या प्रतिज्ञापत्रावर तुमच्या शेतातून रस्ता काढून घेतला असता तर तुम्हाला चाललं असतं का?

एक माझीच फजिती सांगते. वकिली नवीन होती, अशीच रस्त्याची केस, अशीलाला आणि मला दोघांनाही खात्री की खालच्या ऑफिसात काही होत नाही म्हणून वर जायचं. चाळीस-पन्नास पानांची रिट, त्यात घटनेतली कलमं ओळीने, न्यायनिवाडे टॅग लावून. न्यायमूर्तींनी पानं चाळली आणि एकच प्रश्न विचारला, "रस्ता नकाशात दाखवा." माझ्याकडे नकाशाच नव्हता. सातबारा होते, ठराव होता, फोटो होते ज्यात कुठली दिशा कुठली ते कळत नव्हतं, पण गाव नकाशा नव्हता. रिट मागे घेतली, दिवाणी कोर्टात जायची मुभा मागून घेतली आणि तिथून बाहेर येऊन कॅन्टीनला बसले तर अशील विचारतो, "मॅडम, आपण जिंकलो का?" त्या प्रश्नाचं काय उत्तर दिलं ते मला आजही आठवत नाही. आठ महिने गेले होते त्यात.

ते आठ महिने म्हणून सांगतेय, कारण तुमच्याकडे आठ महिने नाहीत.

आता ती तारीख. महाराष्ट्रात शेतरस्त्यासाठी तहसीलदारांकडे दोन वेगळे दरवाजे आहेत आणि लोक, कधीकधी वकीलसुद्धा, ते एकच समजतात. पहिला, महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966 चं कलम 143. शेताला रस्ताच नाही, तेव्हा शेजारच्या गटांच्या बांधावरून, म्हणजे हद्दीवरून, वाट मिळावी यासाठी हे आहे, शेताच्या मधून नाही, आणि तहसीलदारांनी निर्णय देताना शेतकऱ्याला वाजवी वाटेची गरज किती ते बघायचं असतं. दुसरा, मामलेदार न्यायालय अधिनियम 1906 चं कलम 5. मामलेदार म्हणजे आताचे तहसीलदारच, इंग्रजांच्या काळातलं नाव कायद्यात तसंच राहिलंय. रस्ता आधीपासून होता, वापरात होता, आणि कोणीतरी बेकायदा अडवला, तर अडथळा काढून मनाई हुकूम द्यायचा अधिकार इथे आहे. याला मुदत आहे. अडथळा सुरू झाल्यापासून सहा महिने.

तुमच्या अर्जाचा विषय आहे "रस्ता मिळणेबाबत", आत कलम 143 लिहिलंय. म्हणजे तुम्ही स्वतःच लिहून दिलंत की मला रस्ता नाही, नवीन द्या. पण तुमची तक्रार ती नाहीच, तुमची तक्रार आहे की सदतीस वर्षांची वाट बंद केली! या दोन गोष्टी एकमेकांना मारक आहेत आणि भावाचा वकील हुशार असेल तर तुमचाच अर्ज तुम्हाला वाचून दाखवेल.

28 ऑगस्टपासून सहा महिने म्हणजे 28 फेब्रुवारी 2026. तो दिवस शनिवार आहे, ऑफिस बंद. हे लिहितेय तेव्हा जानेवारीचा तिसरा आठवडा चाललाय. कोल्हापूरचं बेंच 18 ऑगस्ट 2025 ला सुरू झालं आणि त्यामुळे सहा जिल्ह्यांतल्या लोकांची मुंबईची फेरी वाचली, मलाही आनंदच आहे, पण अंतर कमी झालं म्हणून रिटचा विषय बदलत नाही, आणि तुम्ही तिकडे वकील शोधण्यात, वकालतनामा आणि कागदांचं भाषांतर करण्यात फेब्रुवारी घालवला तर हा दुसरा दरवाजा तुमच्या डोळ्यासमोर बंद होईल.

म्हणून सरळ सांगते, या आठवड्यात कलम 5 खाली वेगळा दावा दाखल करा. साधा अर्ज नको, दावा, ज्यात दोन्ही पक्षांची नावं, गट नंबर, वाटेचं वर्णन दिशांसकट, अडथळा कधी आणि कसा केला ती तारीख, काय मागताय ते आणि शेवटी सत्यापन, म्हणजे वरचं सगळं खरं आहे असं लिहून सही, असं सगळं असतं. सोबत तात्पुरत्या मनाईची मागणी करा आणि त्यात तोडीचं कारण स्पष्ट लिहा. ऊस फडात वाळत गेला की वजन घटतं, कारखान्याचा हंगाम संपला की तो ऊस जायचा कुठे, हे तहसीलदारांना कळतं, त्यांच्या तालुक्यात पण ऊसच आहे. ऑक्टोबरच्या अर्जाचं काय करायचं, मागे घ्यायचा का पर्यायी मागणी म्हणून ठेवायचा, ते तुमच्या तालुक्याच्या वकिलांना कागद दाखवून ठरवा, मी पत्रावरून ते सांगणं बरोबर नाही. (तुमचे तालुक्याचे वकील पहिल्यापासून तहसीलदारच म्हणत होते असं तुम्हीच लिहिलंय. त्यांना "छोटे वकील" म्हणालात ते मात्र मला आवडलं नाही.)

ज्यांचे सहा महिने उलटून गेलेत त्यांनी हे वाचून घाबरू नये. कलम 143 ला तशी सहा महिन्यांची अट नाही आणि दिवाणी कोर्ट आहेच. फक्त हा एक जलद मार्ग हातातून जातो.

आता तुमच्या पत्रातला एक शब्द. "काकांनी मोठ्या मनाने वाट दिली." घरात बोलताना हे छान वाटतं, पण कोर्टात त्याचा अर्थ काय निघतो बघा. भारतीय सुविधाधिकार अधिनियम 1882, म्हणजे ज्याला सगळे ईझमेंट अॅक्ट म्हणतात, त्याच्या कलम 15 प्रमाणे वीस वर्षं उघडपणे, शांतपणे, खंड न पडता आणि हक्क म्हणून वाट वापरली तर दुसऱ्याच्या जमिनीवरून जायचा तो हक्क, म्हणजे सुविधाधिकार, पक्का होतो. हक्क म्हणून. कोणी मोठ्या मनाने दिली असेल तर ती परवानगी, आणि परवानगीची वीस काय चाळीस वर्षं झाली तरी त्यातून हा हक्क तयार होत नाही. अशी वाक्यं लोक भावनेच्या भरात रिटमध्ये लिहितात, शपथेवर, आणि रिट फेटाळली गेली तरी ते प्रतिज्ञापत्र मरत नाही, पुढे दिवाणी दाव्यात समोरचा वकील ते काढून उलटतपासणीत हातात देतो.

मग काय, ते वाक्य लपवायचं? नाही, खोटं बोलायचंच नाही, आणि गरजही नाही, कारण तुमची खरी ताकद दुसरीकडे आहे आणि पत्रात तुम्ही ती एका ओळीत उडवलीय. 1988 ची वाटणी. एकत्र जमीन होती, वाटणीने तिचे दोन तुकडे झाले, आणि मागचा तुकडा पुढच्या तुकड्यातून गेल्याशिवाय वापरताच येत नाही, तर त्याच कायद्याच्या कलम 13 प्रमाणे गरजेचा सुविधाधिकार वाटणीबरोबरच तयार होतो. त्याला वीस वर्षं लागत नाहीत आणि काकांचं मन मोठं होतं की लहान याने फरक पडत नाही. म्हणून वाटणीपत्र शोधा. रजिस्टर नसेल तर निदान त्या वेळचा फेरफार, त्यावर कोणाकोणाच्या सह्या आहेत, त्यात रस्त्याचा उल्लेख आहे का. जुनी पेटी, आईची ट्रंक, काकांच्या घरी असलेली दुसरी प्रत, सगळं.

पण, आणि हा पण मोठा आहे, गरज म्हणजे गरजच. सोय नाही. दुसरीकडून जाता येत असेल, लांबून का होईना, तर गरजेचा हक्क लंगडा पडतो. तुमच्या पत्रात ओढ्याची वाट शेवटी शेवटी आलीय, अगदी सहज, "तिकडून जायला जागा आहे पण पाणी असतं". किती महिने असतं? ट्रॅक्टर उतरतो का, का काठ उभा आहे? ओढ्यापलीकडचा माणूस जाऊ देतो का, का तो उद्या म्हणेल माझ्या शेतात का शिरलास? याची उत्तरं तुमच्या बाजूने असतील तर पावसाळ्यातले फोटो काढून ठेवा तारखेसकट, नसतील तर आताच मान्य करा आणि तडजोडीचा भाव त्या हिशोबाने लावा. तुमचा भाऊ हा मुद्दा काढणारच आहे. आणि बघा, काठ उभा आहे की उतरता हे कोल्हापुरात बसून कोणाला कसं कळणार?

दिवाणी कोर्टात जायची वेळ आली तर तिथे निदान कमिशनर नेमता येतो, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 26 खाली, तो जागेवर येऊन पाहणी करून रिपोर्ट देतो, भूमि अभिलेखची मोजणी मागवता येते. ऑर्डर 39 खाली तात्पुरती मनाई मागता येते आणि तिथे तीन गोष्टी बघतात, सकृतदर्शनी तुमची बाजू आहे का, मनाई दिली-न दिली तर जास्त त्रास कोणाला, आणि होणारं नुकसान पैशाने भरून येईल का. वेळ लागतो, मी काय खोटं सांगू, मूळ दावा वर्षं खातो. पण तात्पुरत्या मनाईचा अर्ज हा तुमच्या खऱ्या प्रश्नाजवळ जातो. फक्त तहसीलदार आणि दिवाणी कोर्ट दोन्हीकडे एकदम, वेगवेगळ्या वर्णनाने दावे टाकून बसू नका, दोन्हीकडचे कागद एकमेकांशी भांडायला लागतात. तहसीलदारांचा निर्णय विरोधात गेला तर पुढचे रस्ते ठरलेले आहेत: 143 च्या निर्णयाविरुद्ध एका वर्षात दिवाणी दावा करता येतो, आणि मामलेदार कोर्टाच्या निर्णयावर अपील नाही, पुनरीक्षण आहे, जे बहुतेक ठिकाणी प्रांतसाहेबांसमोर चालतं.

म्हणजे हायकोर्टाचा काहीच उपयोग नाही का? आहे, आणि बऱ्यापैकी आहे, फक्त भावाविरुद्ध नाही. तहसीलदार तुमच्या अर्जावर बसून राहिले, तर त्यांनी निर्णय द्यावा एवढ्यासाठी रिट टाकता येते, कारण निर्णय देणं हे त्यांचं कायद्याने ठरलेलं काम आहे. अशा रिटमध्ये हायकोर्ट साधारण एवढंच म्हणतं की अमुक आठवड्यांत दोन्ही बाजू ऐकून निकाल द्या. काय निकाल द्या ते सांगत नाही, तेव्हा पेढे आणू नका. महसूल विभागाचा मे 2025 चा शेतरस्त्यांबद्दलचा शासन निर्णय पण सोबत लावा, त्यात अशा प्रकरणांचा निपटारा 90 दिवसांत करायला सांगितलंय, शक्य तिथे रस्ता किमान 3 ते 4 मीटर रुंद असावा आणि त्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात घ्यावी असं आहे. तुमचा ऑक्टोबरचा अर्ज म्हणजे 90 दिवस होत आलेच, कदाचित झालेही. आधी तहसीलदारांना एक लेखी स्मरणपत्र द्या, त्यात हा शासन निर्णय आणि अर्जाची तारीख लिहून, म्हणजे उद्या रिट टाकायची वेळ आलीच तर दाखवायला काहीतरी असेल.

दुसरी वेळ म्हणजे निकाल तुमच्या बाजूने लागला, ऑर्डर हातात आहे, आणि रस्ता मोकळा करायला कोणी येत नाही, बंदोबस्त नाही, आज साहेब सुट्टीवर, उद्या निवडणुकीची ड्युटी. तेव्हा हायकोर्ट कामाचं. तिसरी, सगळं होऊन प्रांतांचा शेवटचा आदेश आला आणि तो तुम्हाला न ऐकताच दिला असेल किंवा अधिकारच नसताना दिला असेल, तर कलम 227 खाली, तिथेही हायकोर्ट पुरावा पुन्हा तोलत बसत नाही, आदेश देणाऱ्याने चौकट सोडली का एवढंच बघतं.

आणि एक चौथी, जी तुमच्या उलट बाजूच्या वाचकांसाठी आहे, कारण हे सदर ते पण वाचतात. तुमच्या मालकीच्या शेतातून ग्रामपंचायतीने किंवा बांधकाम खात्याने संमती नाही, संपादन नाही, मोबदला नाही आणि मुरूम टाकून रस्ता करून टाकला, तर समोर सरकार आहे आणि तिथे कलम 300 अ बरोब्बर लागतं. हिमाचल प्रदेशात एका अशिक्षित बाईंच्या जमिनीवर सरकारने 1967-68 मध्ये असाच रस्ता केला होता, त्यांना सुप्रीम कोर्टात न्याय मिळाला 2020 मध्ये, वयाची ऐंशी गाठल्यावर, आणि कोर्टाने सरकारचा उशीर झाला, ताबा आमचाच झाला हा बचाव चालू दिला नाही. समोर सरकार असूनही रस्ता झाल्यापासून न्याय मिळेपर्यंत अर्धशतक गेलं, हे मित्राला जरूर सांगा.

आता थोडं चुलत भावाबद्दल, रागावू नका. चार पानांच्या पत्रात त्याची बाजू दीड ओळ आहे: "म्हणतो तुमच्या ट्रॉलीने माझी ठिबकची पाइप दोनदा फोडली." तुम्ही ते बहाणा म्हणून लिहिलंय. असेलही. पण वाट पडली तेव्हा तिच्यावरून बैलगाडी जायची, आता भरलेली डबल ट्रॉली जाते, पाऊस पडल्यावर चाकोरी बांधापासून दोन फूट त्याच्या सरीत सरकते, आणि दरवर्षी ते दोन फूट त्याचे जातात. मी हे कितीतरी बांधांवर बघितलंय. सुविधाधिकाराच्या कायद्यातही आहे की हक्क ज्याच्या जमिनीवरून वापरायचा त्याला कमीत कमी त्रास होईल असा वापरायचा. म्हणजे तो जे म्हणतोय ते अगदीच कायद्याबाहेरचं नाही. चर मारायला नको होता, ते चूकच, पण त्याला एकदा विचारून बघा, तुम्ही स्वतः नको, दोघांचं ऐकणारा कोणी मोठा माणूस असेल त्याला पाठवा, की पाइप जिथे वाट ओलांडते तिथे मी माझ्या खर्चाने लोखंडी पाइपात घालून खाली गाडून देतो, बांधाच्या कडेने दगड रोवून रुंदी ठरवून घेऊ, ओल असताना ट्रॉली घालणार नाही. यावर तो नाही म्हणाला तर दावा चालूच आहे, काही बिघडत नाही. दावा आधी, बोलणी नंतर, हा क्रम मात्र ठेवा. नाहीतर "बघू, होळीनंतर बसू" म्हणता म्हणता 28 फेब्रुवारी निघून जाते, असं मुद्दाम करणारे पण असतात.

आणि जमलंच तर तोंडी मिटवू नका. 1988 ला तोंडीच मिटवलं होतं ना? दोघांची मनं चांगली होती म्हणून चाललं, ती पिढी गेली आणि वाट गेली. रस्त्याचा हक्क लिहून, नकाशा जोडून, रुंदी मीटरमध्ये टाकून रजिस्टर करा आणि सातबाऱ्यावर इतर हक्कात नोंद लावा, दोघांच्या वारसांवर बंधनकारक असं त्यात लिहा. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करून लोकअदालतीत पण हे करता येतं, दावा दाखल व्हायच्या आधीसुद्धा, तिथल्या तडजोडीच्या निवाड्याला दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्याचा दर्जा असतो आणि त्यावर अपील नाही. मोबदला मागितला तर लगेच ताठ होऊ नका. तीन मीटर रुंद पट्ट्याची किंमत आणि एका हंगामाचा उभा ऊस, दोन्ही आकडे शेजारी मांडून बघा आणि मग ठरवा.

यंदाच्या तोडीचं काय, हा प्रश्न उरतोच. कुठल्याही कोर्टाकडून आठ दिवसांत रस्ता मिळेल असं मी म्हणणार नाही. तात्पुरती मनाई वेळेत मिळाली तर उत्तम, नाही मिळाली तर कारखान्याच्या शेती विभागात जाऊन चिटबॉयला (कारखान्याच्या गावपातळीवरच्या कर्मचाऱ्याला) नाही, शेती अधिकाऱ्याला भेटा, दाव्याची प्रत दाखवा, तोडीचा क्रम थोडा मागे घेता येतो का विचारा. ओढा फेब्रुवारीत आटतो असं तुमच्या पत्रावरून वाटतंय, तिकडच्या शेतकऱ्याची एकदाच्या तोडीपुरती लेखी परवानगी घ्या, आणि त्यात "फक्त यावर्षी, तात्पुरती, पर्यायी रस्ता म्हणून नव्हे" हे शब्द घाला, नाहीतर तोच कागद तुमच्या गरजेच्या हक्काविरुद्ध उभा राहील. मुकादमाला डोक्यावरून मोळ्या वाहायचे जास्तीचे पैसे द्यावे लागले तर त्याची पावती नाही तर निदान सही घ्या, नुकसान दाखवताना ते कामाला येतं.

सोमवारी तहसीलला जाताना बरोबर काय न्यायचं ते विचारलं नाहीत पण सांगते, गाव नकाशाची प्रत, जुन्या नकाशात तुटक रेषांनी गाडीवाटा-पाऊलवाटा दाखवलेल्या असतात आणि तुमची असेल तर निम्मं काम झालं, दोन्ही गटांचे सातबारे, वाटणीचा फेरफार, एनसीची प्रत कारण त्यावर ऑगस्टची तारीख आहे, ग्रामपंचायतीचा ठराव, आणि मंडळ अधिकाऱ्यांच्या पंचनाम्याची नक्कल. ती अजून मागितलेली दिसत नाही. त्यात त्यांनी चर आणि तार बघितली असं लिहिलं असेल तर सोन्यासारखा कागद आहे, आणि लिहिलं नसेल तर ते आत्ताच कळलेलं बरं. दाव्याची प्रत दिल्यावर तुमच्या कॉपीवर शिक्का, तारीख आणि आवक नंबर घ्या. पत्रासोबत तुम्ही ऑक्टोबरच्या अर्जाचा फोटो पाठवलाय ना, त्यावर नुसती कोणाची तरी निळ्या पेनातली सही आहे.